घटीलिपी : काळ अडवणारी चिन्हे कशी रचावीत आणि कशी वापरावीत

घटीलिपी ही मी मुलांच्या गोष्टींसाठी रचलेली एक कल्पित चिन्हलिपी आहे. गोष्टीतले पात्र अंगणात, पाटीवर किंवा बांधावरच्या ओल्या मातीत ही चिन्हे काढते आणि काळ काही पळे अडवते, पुढे लोटते किंवा ओसरवून त्याच्या तळाशी काय होते ते पाहते. ज्यांना अशी गोष्ट, एकांकिका किंवा सुट्टीतला खेळ रचायचा असेल त्यांनी ही लिपी जशीच्या तशी वापरावी, किंवा आपल्या गावच्या पाण्याला आणि उन्हाला जुळेल अशी बदलून घ्यावी. चिन्हांची जादू कल्पित असली तरी तिच्याखालची मापे, भरती-ओहोटीचे अंतर आणि सावल्यांचे हिशेब खरे आहेत, आणि लिपीचे सारे बळ या खऱ्या हिशेबांतच आहे असे माझे ठाम मत आहे.

पहिल्या खर्ड्यात हे बळ नव्हते. तेव्हा माझ्या लिपीत काळ थांबवणारे एकच चिन्ह होते. ते काढले की अख्खे गाव जागच्या जागी गोठे आणि नायक हवे ते करून मोकळा होई. एका देवळाच्या अग्रशाळेत, म्हणजे यात्रेकरूंच्या निवासात, भरलेल्या सुट्टीतल्या शिबिरात मी ती गोष्ट वाचून दाखवली. वाचून झाल्यावर सहावीतल्या एका मुलीने विचारले, "सर, मग त्याने आजीला का नाही वाचवले?" गोष्टीतली आजी दुसऱ्याच प्रकरणात गेली होती आणि नायकाच्या हाती तर सगळा काळ थांबवण्याची शक्ती होती. मला उत्तर देता आले नाही. घरी येऊन मी तो खर्डा बाजूला ठेवला आणि पुढचे कित्येक महिने तिच्याच प्रश्नाचे उत्तर शोधत राहिलो.

मानशीपासून सुरुवात

उत्तर मला खाजनाच्या बांधावर मिळाले. गोव्यातल्या मांडवी आणि झुआरी या नद्यांतून समुद्राचे खारे पाणी भरतीबरोबर दूरवर आत येते. त्या पाण्यापासून सखल शेते राखण्यासाठी गावकऱ्यांनी पिढ्यान्‌पिढ्या मातीचे बांध घातले आणि सांभाळले. बांधाआडच्या या जमिनीला खाजन म्हणतात आणि तिच्यात पावसाळ्यात कोरगुटासारखे खारटपणा सोसणारे भात पिकते. बांधात जागोजागी मानस बसवलेली असते. मानस म्हणजे पाण्याचे दार. नदीचे पाणी चढू लागले की बाहेरचा दाब लाकडी दाराला चौकटीवर रेटतो आणि ते आपोआप मिटते. ओहोटी लागली की आत साठलेले पाणी त्याला बाहेर ढकलते आणि ते पुन्हा उघडते.

दार मिटताना एकदा जवळ बसून पाहावे. आधी फळीच्या खालच्या कडेशी फेस आणि काटक्या गोळा होतात, मग दार दोन-तीनदा चौकटीवर हलके आपटते, आणि एकदा चिकटले की नदीची पातळी आतल्या पातळीहून वर वर जाताना डोळ्यांना दिसते. तरीही फटींतून एक बारीक धार आत येतच राहते. पाणी अडले आहे, थांबलेले मात्र नाही. ते पलीकडे साठत आहे आणि पुढे केव्हातरी त्याला वाट द्यावीच लागणार आहे. घटीलिपीचा मुख्य नियम मी या धारेवरून घेतला. काळ बंद करता येत नाही, तो अडवता येतो. आणि अडवलेला प्रत्येक पळ फेडावा लागतो. हा नियम एकदा मान्य केला की आजीला का वाचवता आले नाही हे वेगळे सांगावे लागत नाही. मृत्यू अडवायचा तर कायमचा अडवावा लागेल, आणि तेवढी फेड कोणत्याही माणसाजवळ नसते.

मापे

लिपीची मापे आपल्या जुन्या कालगणनेतली आहेत. एका अहोरात्रात ६० घटका, एका घटकेत ६० पळे आणि एका पळात ६० विपळे असतात. म्हणजे घटका २४ मिनिटांची, पळ २४ सेकंदांचे आणि विपळ सेकंदाच्या अर्ध्याहूनही लहान, ०.४ सेकंदाचे. दोन घटकांचा मुहूर्त आणि साडेसात घटकांचा प्रहर. विपळांच्या वाटेला जाऊ नये. चिन्ह काढताना हात जितका थरथरतो तितक्यात दोन-चार विपळे सहज निघून जातात. गोष्टीत पळ आणि घटका एवढेच वापरावे. पळ म्हणजे एक खोल श्वास घेऊन, सोडून, पुन्हा घेऊन सोडण्याचा अवकाश, आणि घटका म्हणजे देवळातली आरती सुरू होऊन तीर्थप्रसाद हातात पडेपर्यंतचा काळ, असे मुलांना सांगितले की त्यांना मिनिटांची गरज उरत नाही.

ही घटका पूर्वी पाण्यानेच मोजत. घटिकापात्र म्हणजे तळाला बारीक छिद्र असलेली तांब्याची वाटी. ती मोठ्या भांड्यातल्या पाण्यावर तरंगत सोडायची; छिद्रातून पाणी आत येत येत वाटी भरून बुडाली की एक घटका झाली. लग्नाचा मुहूर्त साधण्यासाठी अशी पात्रे वापरली जात, आणि "घटका भरली" हा आपला शब्दप्रयोग त्या बुडणाऱ्या वाटीतूनच आलेला आहे. घटीलिपीतले प्रत्येक चिन्ह या वाटीच्या आकारात बसते. आधी गोल काढायचा आणि त्याच्या तळाला एका ठिपक्याएवढी फट ठेवायची. या फटीला रंध्र म्हणावे. रंध्राशिवायचा पूर्ण मिटलेला गोल या लिपीत लिहिताच येत नाही, कारण तो काळ बंद केल्याचा खोटा दावा ठरतो. चौकटीच्या वहीत सराव करायचा असेल तर सहा चौकटी रुंदीचा गोल आणि त्याला अर्ध्या चौकटीचे रंध्र हे प्रमाण चांगले दिसते.

पाच मूळ चिन्हे

मूळ चिन्हे पाच आहेत आणि त्यांतली पहिली चार गोलाच्या आत येतात. ओघ ही एक आडवी नागमोडी रेघ. ती एकटी असता काहीच करत नाही, पण सराव तिच्यापासूनच करावा. मानस ही दोन उभ्या रेघा आणि त्यांच्यामध्ये तिरपी टेकलेली तिसरी. ती काळ अडवते. भरती ही वर तोंड असलेली चंद्रकोर. ती काळ पुढे लोटते, म्हणजे दोन प्रहरांत फुटणारा कोंब घटकेत फुटतो. ओहोटी ही खाली तोंड असलेली कोर, आणि तिच्याविषयी सर्वांचा गैरसमज होतो. ओहोटीने गेलेला काळ परत येत नाही. पाणी ओसरल्यावर चिखलात पडलेली होडी, शिंपले आणि कालची पावले जशी उघडी पडतात, तसे त्या जागी पूर्वी काय घडले ते फक्त दिसते. त्यातले काही उचलता किंवा बदलता येत नाही. माझ्या मते पाचांत हे सर्वांत समृद्ध चिन्ह आहे, कारण ते पात्राला शक्ती न देता ज्ञान देते, आणि ज्ञान मिळालेल्या माणसाने पुढे काय केले यातूनच चांगली गोष्ट उभी राहते.

पाचवे चिन्ह सावली. एक उभी काठी आणि तिच्या पायापासून निघालेली आडवी रेघ असे ते असते. ते गोलाच्या आत न काढता त्याच्या वर काढतात आणि ते कोणाचा काळ, कोणत्या जागेचा काळ हे बांधून देते. ज्याची सावली त्या रेघेवर पडेल त्याच्यावर चिन्ह चालते. सावलीशिवाय काढलेले चिन्ह पत्ता न लिहिलेल्या पाकिटासारखे असते.

याखेरीज वळसा नावाचे सहावे चिन्ह आहे, पण ते नवख्यांनी हाती घेऊ नये. सांगे तालुक्यात कुशावती नदीच्या काठी उसगाळीमळ येथे जांभ्या दगडाच्या सड्यावर, म्हणजे सपाट कातळावर, प्रागैतिहासिक काळातली कोरीव चित्रे आहेत. बैल, हरणे आणि माणसांच्या आकृतींबरोबर तेथे एकात एक फिरत जाणारा चक्रव्यूहासारखा एक आकारही आहे. त्या कोरणाऱ्यांच्या मनात काय होते याच्याशी माझ्या लिपीचा संबंध नाही आणि तसा दावा कोणी करू नये. मात्र त्या आकारावरून बोट फिरवावे तशी नजर फिरवली की आपण पुन्हा पुन्हा त्याच जागेजवळून जातो आणि तरीही आत सरकत असतो, हे मला तेथे उभे असताना जाणवले. वळसा तेच करतो. एकच प्रसंग तो पुन्हा पुन्हा घडवतो, पण दर खेपेस एक पळ कमी. लिहिताना त्यासाठी आपल्या भाषेत रीती भूतकाळ हाताशी आहे: "तो येई, उंबऱ्यावर पाय ठेवी, हाक मारी आणि हाक पुरी होण्याआधीच पुन्हा पायरीखाली उभा असे." वळसा सुटला की वाक्य साध्या भूतकाळात यावे: "तो आला." वाचकाला चिन्ह पुसले गेल्याचे वेगळे सांगावे लागत नाही.

एक सूचना येथेच करतो. ओंकार, स्वस्तिक, श्रीयंत्र किंवा कोणत्याही देवस्थानाची खूण या लिपीत मिसळू नये. ती चिन्हे लोकांच्या श्रद्धेची आहेत आणि खेळासाठी ती आपल्या हाती दिलेली नाहीत. गोष्टीतल्या पात्राने चिन्ह काढण्यापूर्वी गावच्या राखणदाराला, म्हणजे गावाची राखण करणाऱ्या देवाला, मनोमन विचारावे, एवढे मात्र मला योग्य वाटते, कारण आपल्याकडे कोणीही वडीलधारा माणूस रानात किंवा बांधावर नवे काम त्याला विचारल्याशिवाय सुरू करत नाही.

आडवेळ : चिन्ह केव्हा काढावे

येथे गोव्याचे ऊन कामाला येते. भारतीय प्रमाणवेळ ८२.५ अंश पूर्व रेखांशावरून ठरलेली आहे आणि पणजी सुमारे ७३.८ अंशांवर आहे. एका अंशाला सूर्याला चार मिनिटे लागतात, म्हणून घड्याळात बारा वाजल्यानंतर आपल्या डोक्यावर सूर्य यायला सरासरी ३५ मिनिटे उशीर होतो. घड्याळाचे बारा आणि सूर्याचे बारा यांमधला हा सुमारे दीड घटकेचा काळ म्हणजे लिपीतली आडवेळ. घड्याळ म्हणते दुपार झाली, सूर्य म्हणतो अजून झाली नाही. हा काळ कोणाच्याच हिशेबात नाही, आणि म्हणून चिन्हे फक्त त्यातच लागू पडतात. भर मध्यान्ही एकट्याने पाणवठ्यावर जाऊ नये असे जुनी माणसे सांगत. त्या भीतीतला अर्धा भाग या खेळात सहज उतरतो.

आडवेळ वर्षभर सारखी नसते. पृथ्वीची कक्षा लंबवर्तुळाकार आहे आणि तिचा अक्ष कललेला आहे, त्यामुळे सूर्याची दुपार पुढेमागे सरकते. नोव्हेंबरच्या सुरुवातीला ती साधारण १२ वाजून १८ मिनिटांनी होते, तर फेब्रुवारीच्या मध्यास १२ वाजून ४९ मिनिटांनी. म्हणजे दिवाळीच्या सुमारास पात्राला जेमतेम पाऊण घटका मिळते आणि फेब्रुवारीत पूर्ण दोन घटका. गोष्टीचा महिना लेखकाने उगाच निवडू नये. घाई हवी असेल तर कार्तिक घ्यावा, सावकाश चिन्ह काढणारे पात्र हवे असेल तर माघ-फाल्गुन घ्यावा. ज्यांना खात्री करायची असेल त्यांनी अंगणात एक सरळ काठी रोवून दर पाच मिनिटांनी सावलीच्या टोकाशी खडा ठेवावा. सर्वांत आखूड सावलीचा खडा म्हणजे खरी दुपार. मुलांना हे काम फार आवडते आणि लिपीवरचा त्यांचा विश्वास त्या खड्यांनी जितका बसतो तितका माझ्या सांगण्याने कधीच बसला नाही.

या खड्यांतूनच आणखी एक नियम निघाला. गोवा कर्कवृत्ताच्या दक्षिणेला असल्याने वर्षातून दोनदा, मेच्या सुरुवातीला आणि १० ऑगस्टच्या आसपास, दुपारी सूर्य थेट माथ्यावर येतो आणि उभ्या काठीला सावलीच पडत नाही. त्या दोन दिवशी सावलीचे चिन्ह काढता येत नाही, म्हणून संपूर्ण लिपी मुकी असते. या दोन तारखांच्या मधल्या काळात दुपारची सावली उत्तरेऐवजी दक्षिणेकडे पडते. तेव्हा चिन्हाच्या दोन बाजू, डावी फेडीची आणि उजवी घेतलेल्या काळाची, अदलाबदल होतात आणि ज्याला हे माहीत नाही त्याने घेतलेले फेडलेले ठरते व फेडायचे घेतलेले ठरते. त्याच काळात आपल्याकडे पावसाळा असतो, आभाळ दिवसेन्‌दिवस उघडत नाही. मग समईच्या उजेडातल्या सावलीवर काम भागवावे लागते. ही सावली त्या खोलीतल्या एकाच माणसाला बांधते आणि वात हलली की सुटते.

काढण्याची रीत

चिन्ह तांदळाच्या पिठाने काढावे. पीठ फार बारीक नसावे. रवाळ पीठ चिमटीतून सारखे सुटते. अंगठा आणि पहिले बोट यांच्या चिमटीत पीठ घ्यावे, हात जमिनीपासून चार बोटे वर धरावा आणि बोटे एकमेकांवर घासत हात न थांबवता पुढे न्यावा. हात थांबला की तेथे पिठाची गाठ पडते आणि ती गाठ पळ म्हणून मोजली जाते. आधी सावली, मग तळापासून सुरू करून उजवीकडून वर चढत आणि डावीकडून खाली येत गोल, मग आतले चिन्ह. त्यानंतर गोलाच्या डाव्या बाजूला फेडीचे ठिपके द्यावेत आणि सर्वांत शेवटी उजव्या बाजूला घेतलेल्या काळाचे. एक ठिपका म्हणजे एक पळ, एक आडवी दांडी म्हणजे एक घटका. डावी बाजू आधी लिहायची हा क्रम मोडू नये. देणे कबूल केल्यावरच घेणे सुरू होते.

पिठाऐवजी शिरगोळ्याची रांगोळी वापरण्याचा मोह अनेकांना होतो, कारण ती शुभ्र दिसते आणि रेघ सुबक येते. ती वापरू नये. तांदळाच्या पिठाचा ठिपका मुंग्या नेतात आणि या लिपीत फेडीची वसुली मुंग्याच करतात. मुंगीने ठिपका उचलला की त्या क्षणी चिन्ह काढणाऱ्याचे एक पळ जाते. दगडाची भुकटी मुंग्या नेत नाहीत, त्यामुळे तिने लिहिलेले देणे कधीच फिटत नाही आणि व्याज चढत जाते. दुष्ट पात्राला मात्र अशीच रांगोळी द्यावी.

फेड

अडवलेला काळ पुढच्या भरतीपर्यंत फेडायचा असतो. दोन भरत्यांमध्ये सरासरी १२ तास २५ मिनिटांचे, म्हणजे सुमारे ३१ घटकांचे अंतर असते, आणि दररोज भरती साधारण ५० मिनिटे उशिरा येते. त्यामुळे कालची मुदत आज चालत नाही. पात्राला नदीकडे लक्ष ठेवावेच लागते. अमावास्या-पौर्णिमेच्या सुमारास पाण्याला उधाण असते, तेव्हा एका घटकेला सव्वा घटका फेडावी लागते. अष्टमीच्या सुमारास भांगाची, म्हणजे कमी चढणारी, भरती असते; तेव्हा फेड जेवढ्यास तेवढी, पण चिन्हही अर्ध्या घटकेपलीकडे धरत नाही.

फेड म्हणजे नेमके काय, हे मुले लगेच विचारतात. फेडीचे पळ जगलेले असते, पण चिन्ह काढणाऱ्याला ते मिळत नाही. शरीर जागेवर असते, हात काम करतात, आणि ते पळ मात्र आठवणीत उरत नाही. झोपेतला काळ फेडीत धरला जात नाही. कंटाळवाण्या तासाला फेडून टाकू, ही पळवाट शिबिरातल्या प्रत्येक गटाने सुचवलेली आहे, आणि तिला उत्तर मुंग्यांचे आहे: वेळ त्या ठरवतात, आपण नाही. दांडी मात्र मुंग्यांनी थोडी थोडी नेलेली चालत नाही. ती सबंध शिल्लक राहते आणि मुदत भरली की सबंध घटका एकदम जाते. म्हणून फेड शक्यतो सुट्या ठिपक्यांत लिहावी. साठ ठिपके द्यायला वेळ लागतो खरा, पण सुटे देणे सोसवते.

एक उदाहरण

हे सारे एकत्र कसे चालते ते दाखवण्यासाठी मी सध्या लिहीत असलेल्या गोष्टीतला एक प्रसंग घेतो. माघी पौर्णिमा होऊन दोन दिवस झाले आहेत, फेब्रुवारीचा मध्य आहे, पाण्याला अजून उधाण आहे. मानस राखणाऱ्याचा बारा वर्षांचा मुलगा बांधावर एकटा आहे. वाहत आलेला एक ओंडका मानशीच्या दारात अडकला आहे, दार मिटत नाही, आणि भरती दुपारी एकच्या सुमारास पूर्ण भरणार आहे. वस्तीवर जाऊन माणसे आणायला त्याला घटकाभर हवी. घड्याळात बारा वाजून वीस मिनिटे झाली आहेत, आडवेळ १२ वाजून ४९ मिनिटांनी संपेल. आजीने चिन्हे शिकवताना त्याला बजावलेले आहे, "बाबू, घाईत दांडी मारू नकोस रे. ठिपके दे, ठिपके." पण दारातून पाणी आत कोसळते आहे.

तो मानशीच्या खांबाची सावली धरतो, गोल काढतो, आत मानस काढतो. उधाण असल्यामुळे फेड सव्वा घटका, म्हणजे ७५ पळे. पंधरा ठिपके तो नीट देतो आणि उरलेल्या साठांच्या जागी एक दांडी ओढतो. मग उजवीकडे घेतलेल्या काळाची दांडी. दारातले पाणी काचेसारखे उभे राहते आणि खालच्या रंध्रातून फक्त एक करंगळीएवढी धार वाहत राहते. माणसे येतात, ओंडका निघतो, शेत वाचते.

जेवताना मुंग्या पंधरा ठिपके नेतात. पानावर बसल्याचे त्याला आठवते, आणि मग एकदम हात धुताना तो भानावर येतो. माशाच्या कढीचा वास बोटांना आहे, चव मात्र कुठेच नाही. एवढ्यावर सुटलो असे त्याला वाटते. रात्री गावच्या जत्रेत मराठी नाटक आहे आणि त्यात त्याचा मोठा भाऊ पहिल्यांदाच रंगमंचावर उभा राहणार आहे. नाटक नेहमीप्रमाणे उशिरा सुरू होते. भावाचा प्रवेश तिसऱ्या अंकात आहे. दुपारी एकची भरती रात्री एक वाजून पंचवीस मिनिटांनी पुन्हा भरते, आणि त्याच वेळी पडदा वर जातो. मुलगा पुढच्या रांगेत जमिनीवर बसून वर पाहतो आहे. पुढच्या वाक्यात मी पडदा खाली आलेला दाखवला आहे. टाळ्या वाजत आहेत, त्याचे स्वतःचे तळवेही टाळ्या वाजवून लाल झाले आहेत, आणि आत आल्यावर भाऊ त्याला विचारतो, "कसे झाले रे?"

असा प्रसंग रचताना मी आधी तक्ता करतो: तारीख, सूर्याची दुपार, भरतीची वेळ, घेतलेली पळे, फेडायची पळे. या पाच गोष्टी जुळल्या की कथानकाचा अर्धा भाग आपोआप पडतो. भरतीच्या वेळा छापील तक्त्यांतून घ्याव्यात आणि नदीच्या मुखापासून आत जावे तसा त्यांत उशीर धरावा.

जोडचिन्हे आणि पुसणे

दोन चिन्हे एका गोलात आणायची असतील तर जोडाक्षराचा नियम लावावा. जोडाक्षरात पहिल्या अक्षराचा पाय मोडतो, तसे पहिले चिन्ह अर्धे काढावे आणि त्याचे कामही अर्धेच समजावे. मानस आणि ओहोटी यांची जोडी कथेला फार उपयोगी आहे: अर्ध्या अडवलेल्या काळात पूर्वीचे दृश्य पाहता येते, पण तळाशी येणारी धार दृश्यावरून वाहत असल्यामुळे माणसांचे चेहरे हलते दिसतात. भरती आणि ओहोटी यांची जोडी लिहू नये. त्या एकमेकींना फेडून टाकतात आणि पिठाखेरीज हाती काही उरत नाही. तीन चिन्हांची जोडी मी अजून वापरून पाहिलेली नाही.

मोठ्या मुलांसाठी मी एक प्रश्न देऊन ठेवतो. इ.स. १५८२ मध्ये पोर्तुगालने नवे ग्रेगोरियन पंचांग स्वीकारले तेव्हा ४ ऑक्टोबरनंतर थेट १५ ऑक्टोबर आला आणि मधले दहा दिवस कागदावरून गेले. ते दहा दिवस कोणत्या चिन्हाने लिहाल आणि फेड कोणाच्या नावावर घालाल? आजवर मला याची सर्वांत चांगली उत्तरे अशा मुलांनी दिली ज्यांनी आधी आपल्या अंगणात खडे ठेवून दुपार मोजली होती.

काम झाल्यावर चिन्ह पुसताना काढण्याच्या उलट क्रमाने जावे, फक्त एक अपवाद सोडून. उजवीकडचे ठिपके आधी पुसावेत, मग आतले चिन्ह, मग गोल, मग सावली. डावीकडच्या फेडीच्या ठिपक्यांना हात लावू नये, त्यांवर पाणी शिंपडू नये आणि केरसुणी तेथून वळवून न्यावी; सकाळी अंगण सारवायला येणाऱ्या बाईमाणसाला हे आदल्या रात्रीच सांगून ठेवावे.